दोन बोटं रबर

अनुरागची गाडी डिसेंबरपासून घराच्या बाजूच्या टिनाच्या शेडमध्ये चार लाकडी ठोकळ्यांवर उभी होती. चारही चाके काढून भिंतीला टेकवलेली होती आणि त्यांच्यावर जुनी चादर टाकलेली होती. गाडी महिनोन्महिने एकाच जागी उभी राहिली, की टायरचा जमिनीला टेकलेला भाग चपटा होतो. ते होऊ नये म्हणून मधुकररावांनी हा बंदोबस्त केला होता. नागपूरच्या तंत्रनिकेतनातून यांत्रिकीचा डिप्लोमा घेऊन त्यांनी सगळी नोकरी भरवेलीच्या मँगनीज खाणीच्या वर्कशॉपमध्ये काढली होती. वस्तू वापरात नसली तरी वापरण्याजोगी राहिली पाहिजे, एवढे त्यांच्या हातांना आपोआप कळत असे. इतर गोष्टींचे त्या दिवसांत त्यांना फारसे काही कळत नव्हते.

अनुराग हा त्यांचा एकुलता एक मुलगा. नागपूरला ऑफिसच्या जिन्यात तो कोसळला आणि दवाखान्यात पोचण्यापूर्वीच गेला. तेरावे झाल्यावर सून रीना आणि सहा वर्षांची नात ईरा बालाघाटला राहायला आल्या. त्यांच्या सामानामागोमाग गाडीही आली.

एकदा ईराने शेडच्या दारात उभे राहून विचारले, "आबा, गाडी बैठी है कि खड़ी है?"

मधुकररावांनी प्रश्नाचा नीट विचार केला. "टेकवलेली आहे," ते म्हणाले.

"कब तक?"

ते चादरीवरची धूळ झटकत राहिले.

एप्रिलच्या अखेरीस रीनाच्या नेमणुकीचा आदेश आला. बिरसाच्या सरकारी शाळेत संविदा, म्हणजे कंत्राटी शिक्षक, विषय विज्ञान. जूनमध्ये शाळा उघडेल त्या दिवशी हजर व्हायचे होते. रीनाने आदेश सासूसासऱ्यांना वाचून दाखवला आणि आपला बेत सांगितला. ईराला घेऊन ती बिरसाला खोली करून राहणार होती. शनिवारी शाळा सुटली की दोघी गाडीने बालाघाटला येणार, सोमवारी पहाटे परत जाणार. गाडी तिला उत्तम चालवता येत होती. नागपूरला बऱ्याचदा तीच चालवत असे.

"फक्त चाकाचं पाहा लागन, बाबा," ती म्हणाली. "त्या टायरांवर गांगुलपाऱ्याचा घाट अन् पुढचा जंगलातला रस्ता नाही व्हायचा. तुम्ही म्हणाल तसे लावू."

मधुकररावांनी मान हलवली. त्यांच्या पत्नी आशालताबाईंनी मात्र मान हलवली नाही. वर्षश्राद्ध होईपर्यंत घरात नवे काही आणायचे नाही, असा त्यांच्या घरचा रिवाज होता. त्या वर्षी त्यांनी पाण्याचा माठही नवा घेतला नव्हता. गळका माठ सिमेंट लावून चालवला होता. टायर म्हणजे नवेच झाले, एवढे बोलून त्या आत गेल्या.

मधुकररावांचा असल्या रिवाजांवर विश्वास नव्हता. तरी त्या दिवशी त्यांनी पत्नीला विरोध केला नाही.

अडचण खरी होती. ती गाडी पुरती मोटारही नव्हती आणि पुरती जीपही नव्हती. अंग जीपसारखे उंच, पण बसण्याची आणि चालण्याची रीत मोटारीची. हा मधला प्रकार त्या काळात बाजारात नुकताच दिसू लागला होता. कंपनीने तिला सोळा इंची लोखंडी रिम आणि जाड बाजूंचे टायर दिले होते. अनुरागने पहिल्याच महिन्यात ते विकून टाकले आणि अठरा इंची चकचकीत अलॉय रिम बसवले. चाकाची बाहेरची उंची साधारण तेवढीच ठेवायची, तर रिम जेवढा मोठा, तेवढे रबर कमी. मधुकररावांनी तेव्हाच फूटपट्टी लावून पाहिली होती. रिमच्या कडेपासून रस्त्यापर्यंत चौदा सेंटिमीटर रबर असायला हवे होते, तिथे साडेदहा उरले होते.

"दोन बोटं रबर गेलं," ते मुलाला म्हणाले होते. "खड्ड्याचा मार ते रबर झेलते. ते नसलं तर मार रिमले बसते."

"बाबा, खड्डा टायरनं नाही, ड्रायव्हरनं चुकवाचा असते," अनुराग म्हणाला होता आणि हसला होता. त्या दिवाळीत गाडीच्या चाकांखाली लिंबे ठेवली होती आणि शेजारचे लोक रिममध्ये आपले तोंड पाहून गेले होते.

मे महिनाभर मधुकरराव रोज सकाळी शेडमध्ये जात होते. अठरा इंची रिम ठेवून जाड टायर बसेल का, हे पाहण्यासाठी त्यांनी पुठ्ठ्याची तेवढी चकती कापली, ती चाकाच्या जागी धरली आणि रीनाला स्टिअरिंग दोन्हीकडे पूर्ण वळवायला सांगितले. चकती आतल्या पत्र्याला घासली. सतरा इंची रिम चालला असता, पण त्या मापाचा टायर जंगलात फाटला तर वाटेतल्या बैहरलाही मिळाला नसता. रुंदीचाही त्यांनी विचार केला. रुंद टायर डांबरावर ऐटदार दिसतो, पण मुरमाच्या रस्त्यावर आणि चिखलात तो तरंगतो. अरुंद टायर खाली उतरून घट्ट जमीन धरतो. टायर किती वजन उचलतो, हे त्याच्या बाजूवर छापलेल्या आकड्यावरून कळते. तेही त्यांनी तपासले. हे सर्व ते रीनाला समजावून सांगत आणि ती नीट ऐकून घेत असे. शेवटी मात्र ते दर वेळी काहीतरी राहिले आहे असे म्हणत. गोंदियाच्या दुकानातले टायर जुन्या बनावटीचे होते. वारासिवनीच्या दुकानदाराकडे दोनच होते. नागपूरहून माणूस येणार होता, तो आला नाही.

त्याच महिन्यात त्यांनी अनुरागची चाके एकेक करून उलटवली आणि आतल्या बाजूने पुसली. मागच्या डाव्या चाकाच्या रिमची आतली कड वाकलेली होती. वाकल्यावर कोणीतरी ती हातोडीने ठोकून बऱ्यापैकी सरळ केली होती आणि शिशाचे वजन चिकटवून तोल साधला होता. पुढचे चाक असते तर स्टिअरिंगला थरथर जाणवली असती, म्हणून ते मागे बसवले होते. बाहेरून काही दिसत नव्हते. बालाघाटच्या दारात गाडी उभी असताना बापाला तर काहीच दिसले नसते. मधुकररावांनी त्या जागेवरून अंगठा फिरवला. मग चाक होते तसे भिंतीकडे फिरवले आणि चादर टाकली. घरात त्यांनी हे कोणाला सांगितले नाही. त्या दिवशी ते जेवले, दुपारी झोपले आणि चार वाजता चहा प्याले.

जूनच्या पहिल्या आठवड्यात रीना खोली पाहण्यासाठी बसने बिरसाला जाऊन आली. दुसऱ्या दिवशी सकाळी मधुकरराव शेडमध्ये पुठ्ठ्याची चकती घेऊन उभे असताना ती आत आली. खोली मिळाली होती. शाळेच्या मागेच होती, नळही अंगणातच होता. तिथून बालाघाटला यायची बस मात्र दुपारी लवकर सुटत होती. शनिवारी शाळा सुटेपर्यंत ती निघून गेलेली असणार होती.

"म्हणजे गाडी नसली तर आम्ही दिवाळीलेच येऊ," रीना म्हणाली.

मधुकररावांनी चकती टेबलावर ठेवली.

रीनाने गाडीची डिकी उघडली. खालचा गालिचा उचलला. तिथे स्टेपनीचे चाक होते. अनुरागने चार चाके बदलली होती, पाचवे तसेच राहू दिले होते: सोळा इंची, लोखंडी, जाड बाजूंचे, एकदाही रस्त्याला न लागलेले.

"हे कंपनीचंच माप हाये ना, बाबा?"

"हौ."

"हेच बरोबर हाये ना?"

"हौ."

"मंग महिनाभर काय शोधून राह्यले तुम्ही?"

मधुकररावांनी स्टेपनीकडे पाहिले. तिच्यावरची अक्षरे स्वच्छ वाचता येत होती. गाडी ठोकळ्यांवर आहे तोवर कोणी जाणार नाही, असे त्यांनी मनात कधी शब्दांत मांडले नव्हते; पण त्यांच्या हातांनी तेच धरून काम केले होते. मोजमाप बरोबर होते. गृहीत धरलेली गोष्ट तेवढी उलटी होती: गाडी नसती तरी त्या जाणारच होत्या, येणार मात्र नव्हत्या. आता रीना ते त्यांच्यासमोर उभी राहून बोलून दाखवत होती.

"आज जातो," ते म्हणाले.

रीना जायला वळली आणि दारात थांबली. "मी काही पळून नाही जाऊन राह्यली," ती हळूच म्हणाली. "नोकरीवर जाऊन राह्यली."

गोंदिया रस्त्यावर बाबूलालचे टायरचे दुकान होते. अपघाताच्या गाड्यांचे सामानही तो ठेवत असे. त्या मापाचे चार लोखंडी रिम त्याच्या मागच्या खोलीत होते. जुने, पण सरळ. मधुकररावांनी प्रत्येक रिम यंत्रावर फिरवायला लावला आणि कडेजवळ खडू धरून पाहिला. बाबूलालने आधी त्यांना मोठ्या गोट्यांच्या नक्षीचे जीपचे टायर दाखवले, जंगल का राजा म्हणून. मधुकररावांनी नकार दिला. बिरसापर्यंतचा बहुतेक रस्ता डांबरी होता आणि ओल्या डांबरावर तसल्या टायरला ब्रेक उशिरा लागतो. त्यांनी मध्यम नक्षीचे, डांबर आणि मुरूम दोन्हीकडे चालतील असे टायर निवडले आणि बाजूवरचे बनावटीचे साल स्वतः वाचले.

"साहब, इतनी सुंदर गाड़ी को हवाई चप्पल पहना रहे हो," बाबूलाल म्हणाला. मग त्याने जुन्या अलॉय रिमची चौकशी केली. त्याच्याकडे गिऱ्हाईक तयार होते, चारही एकदम घेणारे.

"ते विकायचे नाहीत," मधुकरराव म्हणाले.

टायर चढवलेली चाके हातगाडीवरून घरी आली तेव्हा आशालताबाई तुळशीला पाणी घालत होत्या. त्यांनी चाकांकडे पाहिले. टायरवरचे बारीक रबरी केस अजून तसेच होते. नवेपणा लपण्यासारखा नव्हता. मधुकरराव रिम जुने असल्याचे सांगू लागले, तशी त्यांनी त्यांना थांबवले.

"चपलेले नवा तळ लावला तर चप्पल नवी होते काय?" त्या म्हणाल्या. "घ्या आत. पोरीले वेळेवर जाऊ द्या." थोड्या वेळाने त्यांनी बाहेर येऊन आणखी विचारले, "हेच माप लागन, हे तुम्हाले केव्हा समजलं होतं?"

"होळीच्या आधी. आदेशही नव्हता आला तेव्हा."

"मले वाटलंच," त्या म्हणाल्या आणि तांब्या घेऊन आत गेल्या.

निघायच्या दिवशी सकाळी मधुकररावांनी नवी चाके बसवली, जॅक लावून एकेक ठोकळा काढला आणि गाडी जमिनीवर उतरवली. इतक्या महिन्यांनी ती आपल्या चाकांवर उभी राहिली. मोठ्या कमानींत लहान, काळ्या रिमची ती चाके जराशी पोरकी दिसत होती. त्यांनी चारही टायरांची हवा पाहिली. लिंबू, नारळ काही नव्हते. ईराने लिंबू कुठे म्हणून विचारले, तेव्हा आजीने तिला आत बोलावून डब्यात लोणचे दिले.

मग मधुकररावांनी रीनाला पाना दिला.

"चाक नवीन बसवलं की नट थोडे सैल होतात," ते म्हणाले. "रंग दबतो, रिम आपली जागा घेतो. चाळीस-पन्नास किलोमीटरवर पुन्हा आवळावे लागतात."

"शनिवारी येतोच आम्ही. तेव्हा तुम्हीच आवळा ना."

मधुकररावांनी पान्याकडे पाहिले. तिने ते त्यांच्यासाठीच म्हटले होते, हे त्यांना समजले. "नाही," ते म्हणाले. "शनिवारपर्यंत ठेवता येत नाही. उकव्याला थांब. सपाट जागा पाहा, हँडब्रेक ओढ. एक आवळला की शेजारचा नाही घ्यायचा, एक सोडून पुढचा घ्यायचा. पाना हातानं दाबायचा, त्याच्यावर उभं नाही राहायचं. आता करून दाखव."

रीनाने पदर खोचला आणि चारही चाकांचे नट त्यांच्यासमोर आवळून दाखवले. दुसऱ्या चाकाला ती चुकली. त्यांनी पुन्हा करायला लावले. ईरा मागच्या सीटवर बसून मोठ्याने मोजत होती, एक छोड़ के एक, एक छोड़ के एक.

गाडी वळणावरून दिसेनाशी झाली तेव्हा आशालताबाई फाटकाशी उभ्या होत्या. मधुकरराव फोनजवळच्या खुर्चीवर जाऊन बसले. त्यांनी पेपर उघडला आणि पहिल्या पानावरच ठेवला.

फोन वाजला तो उकव्याच्या एका दुकानातून होता.

"आवळले," रीना म्हणाली.

"फिरले का?"

"मागच्या डाव्याचे दोन फिरले. पाव-पाव. बाकीचे घट्टच होते."

"मागचं डावं," मधुकरराव म्हणाले.

"हौ. काही बिघडलं काय, बाबा?"

"नाही. तसं होतं. आता नाही फिरणार." मग त्यांनी विचारले, "घाटात कसं वाटलं?"

"आवाज नाही, दणका नाही. ईरा झोपली होती."

रिसिव्हर ठेवून ते शेडमध्ये गेले. मधली जागा रिकामी होती आणि जमिनीवर चार ठोकळ्यांचे चार चौकोन उमटले होते. तिथली माती बाकी मातीपेक्षा गडद होती. भिंतीशी चादरीखाली अनुरागची चाके होती. त्यांना त्यांनी हात लावला नाही. ठोकळे वाटेतच पडलेले होते. शनिवारी गाडी आत घ्यायला जागा हवी होती. त्यांनी एकेक ठोकळा उचलला आणि बाहेर नेऊन ठेवला.