कुंकू लावलेला साप

सोमवार उजाडला की आमच्या गावच्या नदीकाठच्या मळईत पाय ठेवायला जागा उरत नसे. इनामगाव, वरवंड, थेट यवतपासून माणसं येत. पंच्याहत्तर सालची गोष्ट. जोडमुखीबाबा काळ्या भुईवर तांब्याने कोमट पाणी ओतायचा आणि हाळी द्यायचा, "ये माये, ये! पाताळाचं दार उघड! एका तोंडानं जहर पी, दुसऱ्या तोंडानं अमृत दे!" थोड्या वेळाने माती हलायची आणि वीतभर लांबीचा काळा तुळतुळीत साप वर यायचा. त्याची शेपटी निमुळती नव्हती, कोयत्याने छाटल्यासारखी बोथट होती, आणि तिच्या टोकावर तांबडा मळवट. "ह्ये दुसरं तोंड! बगा, आईनं कुंकू लावलंय!" बाया पदर पसरून रडायच्या.

मी गावच्या शाळेत विज्ञान शिकवायचो. बाबाला मनातल्या मनात हसायचो, पण साप काही मला ओळखू येईना. मांडूळ म्हणावं तर ते जाडजूड आणि मातकट. हा बारीक, चकचकीत, शेपटीला खरखरीत तबकडी. दर्शनाच्या निमित्ताने तो हातात घेऊन मी त्याचं चित्र काढलं, खवले मोजले आणि मुंबईच्या एका संग्रहालयाला पत्र धाडलं. महिन्याने उत्तर आलं.

सरपंच सर्जेराव म्हणाले, "लोकांम्होरं वाचा की गुरुजी. मुंबईचं पत्र हाय."

पुढच्या सोमवारी मळईतल्या चौथऱ्यावर चढून मी वाचलं. हा खापरखवल्या, बिनविषारी. सह्याद्रीच्या ओल्या रानात जमिनीखाली राहतो. त्याच्या भाईबंदांच्या जाती किती आणि कुठवर पसरल्यात, हे अभ्यासकांनाही अजून नीट उलगडलेलं नाही. मात्र तुमच्या कोरड्या मुलखात त्याची एकही नोंद नाही.

"नोंदच न्हाई!" बाबाने माझा हात धरून उंच केला. "ऐकलं का? शिकल्याली मानसं सांगत्यात! आई सोताहून आली!"

टाळ्या पडल्या. माझ्या गळ्यात हार पडला. पत्राची शेवटची ओळ वाचायची राहिली होती: "तो तेथे कोणी आणला, याची चौकशी करावी." गलका थांबल्यावर मला ती वाचता आली असती. मी पत्राची घडी घालून खिशात ठेवली. जन्मात पहिल्यांदा कुणी मला हार घातला होता. लिहिताना लाज वाटते, पण खरं कारण तेवढंच.

पंधरा दिवसांनी माझ्या शेजारच्या भैरूला कडबा रचताना हाताला घोणस चावली. त्याच्या बायकोने, साळूबाईने, त्याला मळईत बाबाकडे नेलं. मला कळलं ते शाळेच्या मधल्या सुट्टीत. धावत गेलो, तर हात कोपरापर्यंत फुगलेला, हिरड्यांतून रक्त, आणि बाबा सापाची शेपटी जखमेला टेकवून बसलेला. "वढतीया, आई जहर वढतीया! कुनी मधी बोलू नगा!"

"साळूबाई, याला दौंडला न्या! तिथं लस मिळते."

"असं कसं म्हनता गुरुजी? तुमीच तर पत्र वाचलं. तुमच्या शब्दावर आनलं ह्यास्नी."

माझी मान खाली गेली. "मी सगळं वाचलं नव्हतं," मी म्हणालो. "हा साप कुणीतरी इथं आणून सोडलाय."

बाबा हसला. "आनला? कुठं ठिवला मग? दाव की!"

गर्दीतून तुळजाबाई पुढे आल्या. इनामगावला जुन्या वस्तीचं उत्खनन चाललं होतं, तिथे त्यांनी दोन हिवाळे माती खरवडली होती. मूळचा थर कुठला आणि मागाहून भरलेला खड्डा कुठला, हे त्या नजरेने सांगत. बाबा आडवा यायच्या आत त्या उकिडव्या बसल्या आणि बाबा पाणी ओतायचा त्या जागची वरची माती खुरप्याने काढू लागल्या.

"ही माती बसल्याली न्हाई गुरुजी. खड्डा भरलाय. कड बगा कशी गोल जाती."

चार बोटं खाली फुटक्या गळ्याचा रांजण लागला. त्यात ओलीगच्च तांबडी माती, कुजका पाला आणि आणखी तीन साप. तुळजाबाईंनी चिमूटभर माती वर धरली. "ह्ये घ्या आईचं कुंकू! आपल्याकडं काळी माती, ही घाटाकडली."

शेपटीची तबकडी खरखरीत, त्यामुळे तिला माती चिकटून राहते. घाटातली माती तांबडी, म्हणून कुंकू तांबडं. कोमट पाणी आत झिरपलं की साप जीव वाचवायला वर यायचे. चमत्कार तो एवढाच.

"ही तर आईनं परीक्षा..." बाबा पुटपुटला, पण ऐकायला कुणी थांबलं नाही. सर्जेरावांच्या जीपमधून आम्ही भैरूला दौंडला नेलं. लस टोचली. डॉक्टर म्हणाले, "तीन तास उशीर झालाय." तिसऱ्या दिवशी भैरू गेला.

दहाव्याला नदीवर मी साळूबाईला सगळं सांगितलं, हारासकट. तिने माझ्याकडे नीट पाहिलं. "बाबा पोटासाठी खोटं बोलला, गुरुजी. तुमी कशापायी गप ऱ्हायलात?"

तिचा हा प्रश्न मी अजून बाळगून आहे. म्हणून हात जोडून सांगतो: साप चावला तर आधी दवाखाना गाठा. कुणी म्हणालं की ही वस्तू या भागात सापडतच नाही, तर पाया पडू नका, ती इथं आली कशी ते विचारा. आणि हा प्रश्न विचारायला कुणा मास्तराची वाट पाहू नका. मास्तरालाही हार आवडतो.