डाव्या हातातला लाडू

शुभ्राने मुंग्या आलेला पाय जरासा हलवला, मांडीवर झोपलेल्या लेकीच्या, ईश्वरीच्या कपाळावरचे केस सारले आणि लॅपटॉपवरचं दृश्य पुन्हा मागे नेलं.

चिनी सिनेमातला नवरा घरातून निघतो. आरशात बघून टाय सारखा करतो, मनगटावर घड्याळ बांधतो. लिफ्टचं दार मिटतं. लगेच पुढे तो स्वयंपाकघरात उभा आहे आणि बायको खाली मान घालून त्याला भात वाढते आहे. मनगटावर घड्याळ नाही. तळहाताला पट्टी आहे.

मधलं सगळं आधीच्या कॉपीत होतं. नोकरीवरून काढलेली माणसं काचेच्या त्या उंच इमारतीखाली जमतात, रेटारेटी होते, आणि हा गुडघ्यांवर बसून लोकांच्या पायांमधून आपलं घड्याळ शोधत राहतो. त्या प्रसंगाच्या हिंदी ओळी शुभ्रानेच लिहिल्या होत्या. आता तिकडच्या सेन्सॉरने तो प्रसंग काढून टाकला होता आणि सिनेमाच्या शेवटी एक पाटी जोडली होती.

तिने दुबईतल्याच देऱ्याच्या ऑफिसात स्टॅनलीला फोन लावला. स्टॅनली वसईचा, सबटायटलची कामं तोच वाटायचा.

"जुन्या लाइन्स डिलीट मार, पाटीचं हिंदी कर. खलास."

"अरे, पण त्याच्या हाताला काय झालं ते आता कळतच नाही."

"हाताकडे कोण बघतंय, बाई? पब्लिक जेवता जेवता बघतं. यल्ला, चल, संध्याकाळपर्यंत पाठव."

तिने ओळी पुसल्या. मग पाटी लिहायला घेतली. 'कालांतराने सर्वांना पुन्हा काम मिळाले आणि शहर सुखाने नांदू लागले.' लिहिता लिहिता तिचं लक्ष समोर गेलं. भर दुपारी, कामाच्या दिवशी, तिचा नवरा वेदांग बनियनवर बसून मटार सोलत होता.

त्याची नोकरी गेली त्याला बरेच दिवस झाले होते. मुलाखती व्हायच्या, प्रत्येक ठिकाणी हसून 'इन्शाल्ला' म्हणायचे, आणि मग फोन येत नसे. अबू धाबीतलं अल रीमचं समुद्रावरचं घर सोडून ते दुबईत अल कुसैसच्या या एका खोलीत आले होते. पार्टिशनपलीकडे दुसरं बिऱ्हाड होतं. तिकडच्या घरातला निळा पडदा मात्र शुभ्राने आठवणीने आणला आणि उघड्या प्लायवूडवर टांगला. साताऱ्याला आईशी बोलायचं ते त्याच्यापुढे बसून. दिवसा वेदांगने समोर यायचं नाही. ईश्वरी काही बोलून गेलीच तर माइकवर अंगठा. आणि शेवटी, न चुकता, 'बाकी सगळं मजेत.'

"शुभ्रा," वेदांग मटारांकडे बघतच म्हणाला, "या महिन्यात व्हिसा संपतोय. तुम्ही दोघी साताऱ्याला जा. मी बघतो इथलं. पण आईंना आता सांगायला हवं."

"बाबांना घोर लागेल. त्यांचं बीपी माहितीय ना तुला?"

"मग काय सांगणार आहेस? सुट्टी?"

तेवढ्यात फोनवर बोटिम वाजलं, आईचा व्हिडिओ कॉल. वेदांग सवयीने ताट घेऊन कोपऱ्यात सरकला. ईश्वरी डोळे चोळत उठली.

"अगं, जेवलात का?" शोभनाताईंचा चेहरा स्क्रीनभर होता. "बेसनाचे लाडू केलेत आज. इथे असतीस तर गरम गरम दिले असते."

"आजी, आय वॉन्ट लाडू! हिअर देअर इज नो लि..."

शुभ्राचा अंगठा माइकवर गेला. "नेटवर्क, आई. काय म्हणालीस?"

"मी कुठे काय म्हणाले? ही म्हणत होती."

पार्टिशनपलीकडच्या बिऱ्हाडात कुकरची शिट्टी झाली.

"भात लावलायस?"

"हो," शुभ्रा म्हणाली. "बाबा कुठायत?"

"हे काय, इथेच." फोन किंचित सरकला. गुणवंतरावांचा अर्धा चेहरा दिसला, खांद्यावर शाल, तीही उन्हाळ्यात. ते हसले. तोंडाची एकच बाजू कॅमेऱ्यात होती. "बघ, कसे चवीने खातायत. खा हो, नातीला दाखवा."

त्यांनी लाडू उचलून नातीला दाखवला आणि सावकाश तोंडाकडे नेला.

डाव्या हाताने.

शुभ्रा बघत राहिली. चित्रकलेचे मास्तर. लहानपणी चुकून डावा हात पुढे केला की प्रसाद मागे घ्यायचे. 'बाळ, हात बदल,' म्हणायचे, आणि ती हात बदलेपर्यंत थांबायचे. ताप असला तरी, देवळात गर्दी असली तरी थांबायचे.

मागच्या आठवड्यात त्यांनी टाटा केला होता, तोसुद्धा डाव्याच हाताने. त्याआधी चहाचा कपही त्याच हातात होता. तिने ते पाहिलं होतं.

"छान झालाय म्हणतात," शोभनाताई घाईने म्हणाल्या आणि फोन पुन्हा स्वतःकडे वळवला. "बाकी इकडे सगळं मजेत. ठेवू?"

"थांब, आई."

शुभ्रा उठली. पडद्याची कडा धरून तिने तो एका बाजूला सारला. मागचं प्लायवूड, त्यावरचे खिळे, खिळ्यांना बांधलेली दोरी आणि तिच्यावर वाळत घातलेले ईश्वरीचे फ्रॉक. तिने फोन हळूहळू फिरवला. एकावर एक रचलेल्या बॅगा. दाराशी ठेवलेली शेगडी. कोपऱ्यात, मटाराच्या ताटावर हात तसाच ठेवून थिजलेला वेदांग.

"शुभ्रा," तो पुटपुटला, पण उठला नाही.

साताऱ्याला शोभनाताईंनी फोन डोळ्यांजवळ नेला.

"वेदांगराव," शेवटी शोभनाताई म्हणाल्या, "बारीक झालात हो."

"नाही, आई. म्हणजे... थोडा."

"पडद्यातून कधी दिवसाचा उजेड यायचा नाही. मी यांना म्हटलंसुद्धा, पोरीच्या घराला खिडकी नाही बहुतेक. तर हे..." त्या थांबल्या. "तर हे म्हणाले, विचारू नकोस. सांगेल तिची ती."

पलीकडून गुणवंतरावांचा आवाज आला. शब्द जडावलेले, एकमेकांत गुंतलेले. शुभ्राला एकही कळला नाही. शोभनाताईंना कळला असावा. त्यांनी पदराने डोळे टिपले.

"आई," शुभ्रा म्हणाली, "मी आणि ईश्वरी येतोय. राहायला."

"ये."

"बाबांना नीट बघू दे ना मला."

"उजव्या हातावरची शाल काढते थांब. एका हाताने जमत नाही, तू फोन..." त्या स्वतःशीच हसल्यासारख्या झाल्या. "तू कशी धरणार? कपाटाला टेकवून ठेवते."

चित्र डगमगलं. छताचा पंखा सरकत गेला, खिडकीतलं ऊन लखकन येऊन गेलं. वेदांग ताट खाली ठेवून जवळ येऊन बसला. शुभ्राने माइकवरचा अंगठा केव्हाच काढला होता.

"आजी," ईश्वरी मोठ्याने म्हणाली, "वुई डोन्ट हॅव अ लिफ्ट हिअर!"

"हो का गं बाळा?" तिकडून आवाज आला. "मग चढून दमत असशील. सांग बरं सगळं."