उन्हात ठेवलेली शेवटची फीत

हात कोरडे करून बसा, मित्रांनो, आणि जवळपास उदबत्ती पेटलेली असेल तर ती आधी विझवा. मी फार जुनी चित्रफीत आहे. माझ्या वयाला विस्तव सोसत नाही. खरे सांगायचे तर तो मला कोणत्याच वयात सोसला नव्हता.

माझा जन्म क्योतो शहरातला. आम्ही सात बहिणी, एकाच मूकपटाच्या सात फिती; मी सर्वांत शेवटची. आमचे अंग कापसाचेच, पण तीव्र आम्लात भिजवून घडवलेले. त्यामुळे आम्हांला पेटायला ठिणगी पुरे होते, आणि कधीकधी नुसते ऊनही. या अंगावर उमटली ती इसोए कुरामोची नावाची नटी, वय वर्षे अठरा. माझ्या अखेरच्या दृश्यात ती नदीच्या पाण्यात उभी असते, मागे वळते आणि पाहते. एवढेच. त्या एका पाहण्यासाठी लोक बर्फात रांगा लावीत. पडद्याशेजारी उभा राहून निवेदक तिच्या तोंडी शब्द घाली, आणि ते शब्द तिचेच समजून लोक रडत.

पहिल्याच हिवाळ्यात माझी चौथी बहीण यंत्रात अडकली. दिव्यासमोर क्षणभर थांबली आणि पेटली. यंत्रचालकाने तिला पाण्याच्या बादलीत बुडवले. ती पाण्याखालीही जळत राहिली. शेजारच्या डब्यातून मी ते ऐकले. तेव्हापासून दिव्याची धग अंगावर आली की माझा थरकाप होई. लोकांना वाटे, चित्र जरा हलते आहे.

पुढे बोलपट आले. इसोए तोसा प्रांतातल्या कोळ्यांची लेक. तिचा आवाज घोगरा आणि लांब जाणारा, एका होडीवरून दुसरीला हाक मारावी तसा. ध्वनिमुद्रण करणारा म्हणाला, "बाई, तुम्ही गप्प असता तोवर राजकन्या. तोंड उघडलंत की मासळीबाजार भरतो."

सगळे हसले. तोंडावर बाही धरून तीही हसली. त्यानंतर तिला दासींच्या, शेजारणींच्या भूमिका मिळाल्या आणि मग त्याही मिळेनात. क्योतोच्या बायकांसारखे हळू, तोंडातल्या तोंडात बोलणे तिने शिकून घेतले. पुढे कित्येक वर्षे तिचा मूळ आवाज कुणाच्या कानी पडला नाही.

मूकपटांना तर कुणी विचारीना. माझ्या दोन बहिणींना अंगावरच्या लेपातली चांदी काढण्यासाठी उकळले. तिघींचे हात-हातभर तुकडे करून मुलांच्या खेळण्यातल्या यंत्रांसाठी विकले. मला म्हाताऱ्या निवेदकाने लपवून ठेवले होते; मरण्यापूर्वी त्याने मला इसोएच्या स्वाधीन केले. तिने स्वयंपाकघरातल्या जमिनीच्या फळीखाली, गारव्यात, चहाच्या पेटीत मला ठेवले आणि कुणालाही सांगितले नाही. तिचा तरुण चेहरा जगात आता माझ्यापाशीच उरला होता. ही तिची चूक, आणि मी ती झाकणार नाही. जपायची वस्तू कशी जपावी, हे घरात आणखी एकाला तरी ठाऊक असावे लागते.

साठीला टेकली तेव्हा छातीच्या दुखण्याने ती अंथरुणाला खिळली. घर तिच्या बहिणीची मुलगी सायो सांभाळू लागली. ऐन उन्हाळ्यात किमोनो, पुस्तके, चित्रांच्या गुंडाळ्या बाहेर काढून वारा-ऊन द्यायचे, ही आमच्याकडची रीत. सायो रीतीला पक्की. त्या दुपारी तिला माझी पेटी सापडली. डबा उघडताच तिने नाक धरले. माझ्या अंगाला आंबूस वास येऊ लागला होता. तो कुजण्याचा वास होता, आणि कुजलेली फीत सर्वांत लवकर पेटते.

"बिचारी, घुसमटलीय नुसती," सायो म्हणाली आणि तिने मला उघड्या डब्यासकट ओसरीवरच्या उन्हात ठेवले.

वासाने शेजारच्या ओमित्सु आजी आल्या. "काय गं, लोणचं नासलं वाटतं? भिंतीपलीकडे वास आला."

"लोणचं नाही, आजी. मावशीची जुनी फीत आहे. जरा ऊन दाखवतेय."

"दाखव, दाखव. माझीही हाडं आंबलीत, पण मला कोण ऊन दाखवतंय," असे म्हणत आजी माझ्या शेजारीच टेकल्या आणि त्यांनी लांब दांड्याची चिलीम पेटवली.

पत्रा तापला. माझे वेढे एकमेकांना चिकटू लागले. मी उलटी, शेवट बाहेर राहील अशी गुंडाळलेली होते, म्हणून नदीतला तो चेहरा सर्वांत वर, थेट उन्हात होता. उघड्या दारातून इसोएला अंथरुणावरून ओसरी दिसत होती; तिने दोनदा हाक मारली, त्या शिकलेल्या हळू आवाजात. झाडांवर किड्यांची किरकिर चालली होती. हाक ओसरीपर्यंत पोहोचली नाही. मी ती ऐकली, पण मी मूकपट. आजींची चिलीम ओढून झाली. राख झटकायला त्यांना काहीतरी हवे होते, आणि हाताशी एक गोल, उघडा डबा होता. त्यांनी हात उचलला.

"ओमित्सु, हात तिथंच थांबव."

आवाज आतून आला, पण समुद्रावरून आल्यासारखा. आजींचा हात हवेतच राहिला.

"ती चिलीम अंगणात नेऊन विझव. सायो, डबा उचल. घासू नकोस, उलगडू नकोस. फळीखाली ने."

"मावशी, डॉक्टरांनी बोलायचं नाही असं..."

"डॉक्टरला मी नंतर बघते. उचल."

सायोने मला दोन्ही हातांनी उचलून आत नेले. आजींनी चिलीम अंगणात विझवली आणि त्या ओसरीच्या पायरीशी आल्या. "तीस वर्षं तुमच्या शेजारी राहतेय," त्या म्हणाल्या, "आणि हा आवाज आज ऐकतेय. कुठं ठेवला होतात हो हा?"

"फळीखाली," आतून उत्तर आले, आणि मग खोकल्याची उबळ.

त्याच महिन्यात इसोएने मला जुने चित्रपट जतन करणाऱ्या संस्थेकडे धाडले. तिथे माझी नक्कल काढली गेली. घरी भिंतीवर चादर लावून सायोने ती तिला दाखवली. नदीत उभी असलेली मुलगी मागे वळते. पाहणार, इतक्यात चेहऱ्यावर बुडबुडे येतात आणि चित्र संपते. सायो रडू लागली. इसोए म्हणाली, "वळले तरी. पुरे आहे."

ती आता नाही. तुमच्या घरातही कुणीतरी काहीतरी फळीखाली ठेवलेले असेल, मित्रांनो. ते बाहेर काढण्यापूर्वी ज्याचे आहे त्याला विचारा, आणि तो माणूस आहे तोवरच विचारा. मी थंड, अंधाऱ्या खोलीत आहे. लोक मला चांगले जपतात. तरीही दार उघडले की मी आधी येणाऱ्याचे हात न्याहाळते. हात थांबवणारी ती हाक आता येणार नाही.