तोडीची तारीख

माझ्या डोक्यात संशयाचा किडा आहे, हे मी आधीच सांगून ठेवते. दूधवाल्याचं दूध मी घरच्या मापानं पुन्हा मोजते, अन् गॅसचं सिलेंडर आलं की वजनकाटा मागते. सौसरला आमचं घर बांधलं तेव्हा ठेकेदार सिमेंटचं एक पोतं इकडचं तिकडे करू शकला नाही, कारण मी रोज संध्याकाळी रिकामी पोती मोजत होते. आमचे गुरुजी हसतात. गुरुजी म्हणजे मुकुंद, माझे यजमान. रामाकोन्याच्या शाळेत शिकवतात, सारं गाव त्यांना गुरुजी म्हणते, म्हणून मीही म्हणते.

घरासाठी आम्ही २०२१ मध्ये बँकेतून वीस लाख उचलले. दोघांच्या नावावर, अठरा वर्षांसाठी. गुरुजी बासष्टाव्या वर्षी रिटायर होणार, त्याच महिन्यात शेवटची किस्त जाणार, असा हिशेब करूनच घेतले. महिन्याची किस्त सोळा हजार तीनशे दहा. हा आकडा मला झोपेतून उठवून विचारा, मी सांगीन.

या वर्षी मार्चमध्ये माझे बाबा गेले. दादाराव, सावरगावचे. संत्र्याचे व्यापारी होते. नोव्हेंबरपासून नागपूरच्या दवाखान्यात होते, फार हाल झाले त्यांचे. त्यांच्या एका प्लॉटचे पैसे आले, त्यातले पाच लाख भावानं स्वतः आणून माझ्या हातात ठेवले. मी ठरवलं, हे बाबांचे पैसे कपड्यालत्त्यात जाऊ द्यायचे नाहीत. कर्जात टाकायचे अन् घर लवकर मोकळं करायचं.

पोळा झाला, पांढुर्ण्याची गोटमारीची जत्रा झाली, अन् त्या आठवड्यात मी चेक घेऊन बँकेत गेले. खिडकीवरच्या माणसाला म्हटलं, आधी किती बाकी आहे ते छापून दे. मी काही अडाणी नाही. एक्केचाळीस किस्ती गेल्या, म्हणजे पावणेसात लाखांच्या जवळपास भरले. त्यात निम्मे व्याजाचे धरले तरी निम्मे मुद्दलाचे. बाकी साडेसोळा, फार तर पावणेसतरा लाख असायला पाहिजे.

चिठ्ठीवर होतं, अठरा लाख सत्त्याऐंशी हजार.

मी चिठ्ठी घडी करून पर्समध्ये टाकली, चेकही टाकला, अन् तडक घरी आले. बसून दोनदा हिशेब केला. दोन लाख वीस हजारांचा फरक. बँक एवढी उघड चोरी करत नसते, त्यांच्याकडे कम्प्युटर असते. मग कोणीतरी मधात उचलले. कर्ज दोघांच्या नावावर, सही दोघांपैकी कोणाचीही चालते. मी तं केली नव्हती.

अन् मग एकेक गोष्ट आठवायला लागली, बाप्पा! किडा जागा झाला की तो काही सोडत नाही. ऋषिकेशभाऊजी, म्हणजे यांचे धाकटे भाऊ, पांढुर्ण्याला राहतात. त्यांनी जानेवारीतच जुनी पिकअप घेतली होती, संत्रं वाहायला. दोन लाख रोख दिले म्हणे. कुठून आले? अन् गुरुजी महिन्यातून दोन रविवार पांढुर्ण्याला काहून जातात? शिवाय गेल्या जानेवारीपासून घरात कर्जाचा विषय निघाला की हा माणूस गप होते. ताट सरकवते, चष्मा पुसते, बाहेर जाते. एकदा तं जेवता जेवता मलाच विचारलं होतं, "तुले मले काही सांगायचं आहे का?" मी म्हटलं, मला काय सांगायचं असणार? तेव्हा मला ते विचित्र वाटलं होतं. आता वाटलं, चोराच्या मनात चांदणं.

मी आधी पाळत ठेवली. ते आंघोळीला गेले की मी त्यांचा मोबाइल पाहायला घ्यायचे, तं त्याला कुलूप. शर्टाचे खिसे पाहिले, शाळेची पिशवी पाहिली, लोखंडी कपाटातली फाइल पाहिली. काही नाही. काही सापडत नव्हतं म्हणून संशय कमी व्हायचा तं वाढला. एवढं साफसूफ कोण ठेवते? चौथ्या दिवशी मी चिठ्ठी त्यांच्या पुढ्यात ठेवली अन् विचारलं, हे काय आहे. त्यांनी ती पाहिली. बरं, दचकलेही नाहीत! चेहऱ्यावरून वाटलं, हा आकडा यांना आधीच माहीत आहे. म्हणाले, "राहू दे उर्मिला. मी नाही विचारत, तूही नको विचारू." अन् उठून गेले.

आता सांगा, या बोलण्याचा दुसरा काय अर्थ निघते? मला तं रडूच आलं. पैशापेक्षा जास्त याचं आलं, की तेवीस वर्षांच्या संसारात या माणसानं माझ्या पाठीमागे सही केली. बाबांचे पाच लाख मी या खड्ड्यात टाकू का? टाकले तं उद्या तेही पांढुर्ण्याला जातील.

दुसऱ्या दिवशी ते शाळेत गेले अन् मी पांढुर्ण्याची बस धरली.

ऋषिकेशभाऊजी दारातच पिकअपचं चाक खोलत बसले होते. त्यांची बायको दिपाली, तिनं पाणी दिलं, चहा टाकला. मी चहाची वाट पाहिली नाही. सरळ विचारलं की गाडीचे दोन लाख कुठून आले, अन् आले असतील तं कागद दाखवा. दिपाली चहाचा कप हातात घेऊन उभीच राहिली. भाऊजींचे कान लाल झाले, पण त्यांनी आवाज चढवला नाही. आत गेले, पत्र्याची पेटी घेऊन आले, अन् तिच्यातले कागद माझ्यासमोर एकेक करून ठेवले. गाडीचं कर्ज, त्याची किस्त, अन् दोन लाखांसाठी दिपालीच्या गळ्यातलं मोडल्याची सराफाची पावती.

मग म्हणाले, "वहिनी, दादाले मी पैसे मागतले होते, हे खरं आहे. त्यानं नाही दिले. म्हणे, घराची किस्त आहे, उर्मिलेले विचारल्याशिवाय मी एक रुपया हलवत नाही."

दिपालीचा गळा मी तेव्हा पाहिला. काळ्या मण्यांशिवाय काही नव्हतं. चहा तसाच सोडून मी निघाले, कारण तो प्यायचं तोंडच नव्हतं माझ्याकडे. बसमध्ये वाटभर मला शरम वाटत होती. अन् खरं सांगते, शरमेच्या खाली किडा चालूच होता. इथं नाही गेले, तं मग गेले कुठं?

सौसरला उतरून तशीच बँकेत गेले. या वेळी खिडकीवर नाही, आत कर्जाच्या टेबलावर. तिथं उर्वशी नावाची नवीन पोरगी आली आहे, लोधीखेड्याची. मी चिठ्ठी आपटली अन् म्हटलं, या खात्यातून दोन लाख वीस हजार कोणी उचलले त्याचं नाव मला पाहिजे.

ती पोरगी शांत. कम्प्युटरवर पाहून म्हणाली की काकू, यातून कोणीच काही उचललेलं नाही. मग खुर्ची जवळ ओढून तिनं मला समजावलं. सुरुवातीला व्याज सात टक्के होतं, तेव्हाही किस्तीतले निम्मे मुद्दलाला जात नव्हते. सोळा हजारांतले साडेचार हजारच जात होते, कारण पहिली काही वर्षं व्याजच जास्त खाते. पुढे व्याज वाढत वाढत साडेनऊवर गेलं. किस्त तेवढीच राहिली. म्हणून आता सोळा हजारांतले पंधरा व्याजात जातात अन् मुद्दलातून कसेबसे तेराशे-चौदाशे कमी होतात.

मी म्हटलं, व्याज वाढलं तं किस्त वाढली असती. आमची एक रुपयानं वाढली नाही.

"किस्त नाही वाढली काकू, वर्षं वाढली," ती म्हणाली. अन् स्क्रीन माझ्याकडे फिरवली. शेवटची किस्त, नोव्हेंबर २०५०.

गुरुजी तेव्हा त्र्याहत्तर वर्षांचे असतील. पेन्शनीतून किस्त भरतील, तेही अकरा वर्षं. मी विचारलं, हे कोणी ठरवलं? कोणाला विचारून? तिनं फाइल काढली. फेब्रुवारी २०२३ चा फॉर्म. किस्त वाढवायची की मुदत, या दोन चौकोनांपैकी दुसऱ्यात टिक होती. खाली सही होती.

माझी.

मग आठवलं सगळं. बँकेतून फोन आला होता, हिंदीत. "मॅडम, ब्याज बढ़ा है. किस्त बढ़ाएँ या अवधि?" किस्त एकोणीस हजारांच्या वर जात होती, तीन हजारांचा फरक. मी ठणकावून सांगितलं, किस्त को हात मत लगाना. दुसऱ्या दिवशी जाऊन सही ठोकून आले. घरी गुरुजींना सांगितलंही नाही, यात सांगण्यासारखं काय होतं? उलट गल्लीत मिरवले. सगळ्यांच्या किस्ती वाढून राहिल्या, माझी वाढली का? वाचलेल्या तीन हजारांची भिशी लावली अन् त्यातून बैठकीत सोफा आणला.

हे मी बाबांकडून शिकले होते. बाबा संत्र्याचा बगीचा झाडावर फळ असतानाच घ्यायचे. बांधावर उभं राहून सौदा व्हायचा, आकडा बोलला की संपलं. मग गारा पडो, की नागपूरला भाव चढो, बाबा त्यात ना एक रुपया वाढवत, ना कमी करत. आकडा हलू दिला नाही तं सौदा पक्का, हेच मी लहानपणापासून पाहिलं होतं. माझ्या लेखी सोळा हजार तीनशे दहा हलले नाहीत, म्हणजे सौदा हलला नाही.

पण त्या खुर्चीत बसल्या बसल्या मला सौद्यातली दुसरी गोष्ट आठवली. शेतकरी आकडा बोलून थांबत नसे. तो म्हणायचा, दादाराव, तोड कधी? फळ तोडून बगीचा मोकळा करायची तारीख ठरल्याशिवाय कोणी बयाना घेत नसे. कारण तारीख नसली की व्यापारी भावाची वाट पाहत फळ झाडावरच ठेवते, झाड थकून जाते अन् पुढचा बहार बुडते. बाबा सौद्यात आकडा अन् तारीख दोन्ही बांधत. मी आकडा धरून बसले अन् तारीख बँकेच्या हातात देऊन आले. दादारावची पोरगी!

उर्वशीला म्हटलं, लपवू नको, एकूण किती जाईल ते सांग. ती म्हणाली, तेव्हाच किस्त वाढवली असती तं सगळे मिळून एक्केचाळीस लाखांत सुटलो असतो. आता अठ्ठावन्न. सतरा लाखांचा सोफा आणला होता मी, तोही रेग्झिनचा.

पर्समधून चेक काढला. विचारलं, हे पाच लाख आज टाकले अन् किस्त तीच ठेवली तं तारीख कुठं येते? तिनं बोटं चालवली. २०३६. रिटायर व्हायच्या अडीच वर्षं आधी. माझा विश्वास बसला नाही, पुन्हा करायला लावलं. तिनं पुन्हा केलं, तेच आलं. मुदत कमी होईल, किस्त नाही, असं मी तिच्याकडून कागदावर लिहून घेतलं, शिक्का मारून घेतला, मगच चेक दिला.

संध्याकाळी गुरुजी आले. मी चहाही न देता सगळं सांगून टाकलं. फोन, फॉर्म, सही, पांढुर्णा, दिपालीचा गळा. ते सोफ्यावर बसून ऐकत होते. ऐकता ऐकता त्यांनी चष्मा काढला अन् कपाळ धरलं. म्हणाले की बाकीचा आकडा त्यांनी जानेवारीतच पाहिला होता, टॅक्ससाठी बँकेचा कागद आणला तेव्हा.

"मले वाटलं, तू घरावर कर्ज वाढवून घेतलं," ते म्हणाले. "बाबांच्या दवाखान्यासाठी."

मी विचारलं, मग आठ महिने मला विचारलं काहून नाही?

"विचारून काय करणार होतो? तुझा बाप मरून राहिला होता उर्मिला."

मग मी रडले. लपून नाही, समोर बसून रडले. मी आठ दिवसांत साऱ्या घराची झडती घेतली, अन् हा माणूस मला चोर समजून आठ महिने रोज माझ्या हातचं जेवला, अन् चोरी माफ करून बसला. एकदा विचारलं असतं तं जानेवारीतच उलगडा झाला असता. तेही मी त्यांना सुनावलं, कारण ते खरं होतं. त्यांनी ऐकून घेतलं.

रविवारी दोघंही पांढुर्ण्याला गेलो. दिपालीला म्हटलं, मागच्या वेळचा चहा राहिला आहे. ती आत गेली, अन् भांडं ठेवल्याचा आवाज आला. भाऊजींचे मी हात धरून माफी मागितली. ते भलतेच संकोचले, जाऊ द्या वहिनी, जाऊ द्या करून राहिले. चहा आला, प्यायला. मग विषय बदलायचा म्हणून त्यांनीच पिकअपचं कौतुक सुरू केलं. गाडी चांगली चालते, किस्तही जमून राहिली आहे.

"अन् एक आहे वहिनी," ते म्हणाले, "किस्त एक रुपयानं वाढली नाही."

मी कप खाली ठेवला.

"भाऊजी," म्हटलं, "ती पेटी आणा."