शहाणा वर्ग

तिसरीच्या बाई निवृत्त झाल्या आणि त्यांच्या जागी कुणी आलंच नाही. नवीन शिक्षक आज येतील, उद्या येतील, असं म्हणता म्हणता सहामाही परीक्षा तोंडावर आली. तोवर वर्गात नुसता बाजार भरायचा. शेजारच्या चौथीच्या बाई मधूनच दारात येऊन पट्टी आपटायच्या, तेवढ्यापुरतं चिडीचूप, आणि त्यांची पाठ वळली की पुन्हा कल्ला.

त्या वर्गात एका आईची लेक होती. आई शिकलेली होती, विज्ञानाची पदवी होती, आणि शिकलेल्या आईला जेवढ्या काळज्या सुचतात तेवढ्या सगळ्या तिला सुचायच्या. रोज फाटकाशी उभी राहून ती लेकीची वही उघडून बघायची. वही कोरी. एक दिवस तिचा संयम संपला. ती मुख्याध्यापिकांकडे, म्हणजे मोठ्या बाईंकडे भांडायला म्हणून गेली आणि खडू घेऊन बाहेर आली.

"चार दिवस बसा हो फक्त वर्गात," मोठ्या बाई म्हणाल्या होत्या. "शिक्षक मिळेपर्यंत. तुमचीच मुलगी आहे ना आत?"

घरी सासूबाईंनी कपाळाला हात लावला. "घरचं झालं थोडं अन् व्याह्यानं धाडलं घोडं! अगं, दिवस गेलेत तुला. पगार तरी देणार आहेत का?"

"नाही हो आई."

"मग बरं. रजेचे पैसे तरी कापणार नाहीत."

पहिल्याच दिवशी तिचा घसा बसला. दुसऱ्या दिवशी आवाजच फुटेना म्हणून ती अगदी हळू बोलली, आणि काय नवल, मागच्या बाकावरची मुलंही पुढे वाकून ऐकायला लागली. मग तिनं ती युक्तीच करून टाकली. वर्गात फार गलका झाला की ती कपाळ धरून म्हणायची, "माझं डोकं दुखतंय हं," की सगळे गप्प. ज्याचं गणित आधी होईल त्यानं शेजाऱ्याला शिकवायचं, हा दुसरा नियम. एका मुलाला सगळे भोंगा म्हणत. त्याचं खरं नाव फक्त हजेरीपुरतं. हातच्याची वजाबाकी त्याला सगळ्यांच्या आधी जमली, आणि ती दुसऱ्याला समजावून सांगायची तर हळू बोलावं लागतं, हे कळल्यावर तो स्वतःच कुजबुजायला लागला. तिची लेक तिला 'आई' म्हणायची, बाकीचे 'बाई'. दोन्ही मिळून मुलांनी 'आईबाई' करून टाकलं.

चार दिवसांचे महिने झाले. पोट वाढलं, बाकांच्या मधून जाताना अडायला लागलं. डॉक्टरीणबाईंनी बजावलं, "आता फार वेळ उभं राहायचं नाही." ती दर आठवड्याला मोठ्या बाईंना विचारायची, "बाई, कुणी येतंय का?"

एक दिवस शिक्षक नेमणाऱ्या वरच्या कचेरीतले साहेब पाहणीला आले. तिसरीच्या दारात थबकले. मुलं जोडीजोडीनं गणितं करत होती. साहेब हसले, मान डोलावली आणि निघून गेले. तिला वाटलं, आता शिक्षक मिळणार. पोरांची हुशारी बघून गेलेत.

पुढच्या आठवड्यात मोठ्या बाईंनी तिला खोलीत बोलावलं आणि दार लोटून घेतलं.

"शिक्षक आला होता एक. पुलापलीकडच्या शाळेत दिला. तिथे म्हणे मुलं खिडकीतून बाहेर उड्या मारतात. साहेब मला म्हणाले, तुमचं तर भागतंय की!"

"पण मी शिक्षिका नाही! मी दोन महिन्यांत…" तिनं पोटावर हात ठेवला.

"मी सांगितलं हो सगळं. त्यांनी कानांनी ऐकलं, पण डोळ्यांनी बघितलं ते वेगळंच." मोठ्या बाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "रडल्याशिवाय आईसुद्धा दूध पाजत नाही. आणि आपला वर्ग रडतच नाही. तुम्ही फार चांगलं शिकवलंत, हेच चुकलं."

तिला हसावं की रडावं कळेना.

"अजून एक शिक्षक आहे त्यांच्या हातात," मोठ्या बाई पुढे झुकून म्हणाल्या. "गुरुवारी साहेब परत येतायत. तुम्ही त्या दिवशी येऊ नका. मी कुणालाही त्या वर्गावर पाठवणार नाही. होऊ दे काय व्हायचा तो गोंधळ. भोंगा एकटा पुरेल."

"मुलांना सांगू का तसं?"

"छे! एखादं सांगून मोकळं होईल, आम्हाला ओरडायला सांगितलंय म्हणून. मग माझी धडगत नाही."

गुरुवारी सकाळी लेकीची वेणी घालताना तिला खोटं सांगणं जड गेलं. "आज मी नाही येत गं. बरं नाहीये मला."

"काय होतंय?"

तोंडात जे सवयीचं होतं तेच आलं. "डोकं दुखतंय."

लेकीनं वळून तिच्याकडे पाहिलं, आणि दप्तर उचललं.

दिवसभर ती घरात येरझारा घालत होती. सासूबाई म्हणाल्या, "शाळेत जात होतीस तेव्हा कमी चालायचीस." तिनं मनात वर्ग उभा केला. आता बाक सरकत असतील. आता खडू फेकाफेकी सुरू झाली असेल. आयुष्यात पहिल्यांदाच ती देवाजवळ मागत होती की पोरांनी धुडगूस घालू दे.

दुपारी मोठ्या बाईंचा फोन आला.

"टाचणी पडली तरी ऐकू येईल असा वर्ग होता," त्या म्हणाल्या. "तुमची लेक फळ्याशी उभी. बाकीचे गणितं सोडवतायत. भोंगा दारात राखण करत होता. साहेबांनाच म्हणाला, हळू बोला, आमच्या आईबाईंचं डोकं दुखतंय."

"मग?" तिनं विचारलं.

"साहेबांनी फोटो काढला. म्हणाले, शिक्षक नसतानाही वर्ग चालतो, हे इतर शाळांना दाखवायला हवं." मोठ्या बाई पुढे म्हणाल्या. "दुसरा शिक्षकही गेला हो."

संध्याकाळी लेक घरात आली ती चपलांचा आवाज न करता. दप्तर अलगद टेकवलं आणि आईच्या कानाशी येऊन कुजबुजली, "तू निजून राहा. आम्ही आज अजिबात आवाज नाही केला. घरी तुला बरं वाटावं म्हणून." तिचा चेहरा नुसता उजळला होता. आईच्या डोळ्यांत पाणी बघून तो जरा विझला. "चुकलं का काही?"

"नाही गं बाळा," तिनं लेकीला जवळ ओढलं. "शहाणी माझी ती." दुसरं काय म्हणणार होती?

त्यानंतर जेमतेम महिनाभर ती खुर्चीत बसून शिकवत राहिली. मग पाय सुजले आणि डॉक्टरीणबाईंनी घराबाहेर पडायला बंदी घातली. मोठ्या बाईंनी तिसरीचा वर्ग वाटून टाकला. पाच-सहा पोरं या वर्गात, पाच-सहा त्या वर्गात, जिथे मागे जागा असेल तिथे जमिनीवर. लेक पाचवीच्या वाट्याला आली.

"काय शिकवलं आज?" ती रोज विचारायची.

"पाचवीचं काहीतरी. आम्ही मागे बसतो."

"मग हात वर करावा! बाईंना सांगावं, आम्हाला हे येत नाही म्हणून!"

लेकीला नवल वाटलं. "पण त्यांची मुलं शिकत असतात ना, आई. त्यांना त्रास होईल."

तिनं उशीला टेकून वही उघडली, पेन्सिलीला टोक केलं आणि लेकीला भागाकार समजावून सांगायला घेतला. लेकीला तो पटकन जमला. हिचं काही अडणार नाही, हे तिला दिसत होतं. पण भोंग्याच्या घरी दिवेलागणीला कुणीच नसतं, आणि पुढच्या बाकावरच्या जुळ्या बहिणी या वेळी आईबरोबर जिने पुसत असतात. वर्गावर गेली नसती तर हे तिला कधी कळलंही नसतं.

"आई, पुढचं सांग ना," लेक म्हणाली.