आधी बारसं, मग पोर

मित्रांनो, गणिताच्या वर्गात खडूच्या डब्याशेजारी जे काळं लोखंडी धूड पडलेलं असतं, ज्याच्या मुठीला तुम्ही खुशाल दप्तर अडकवता, तो मी. मी एक जुना खरखऱ्या आहे. कागदोपत्री माझं नाव गणनयंत्र. पण माझी मूठ फिरवली की खर्रर्र असा आवाज होतो, म्हणून शेलूबाजारच्या लोकांनी मला खरखऱ्या केलं, आणि शेलूबाजारात एकदा पडलेलं नाव जन्मभर उतरत नाही.

माझा जन्म साता समुद्रापलीकडच्या एका कारखान्यात झाला. पोटात दातेरी चाकं, वर आकडा लावायच्या कळा, समोर उत्तर दाखवणाऱ्या बारीक खिडक्या आणि उजवीकडे ही मूठ. आकडा लावून मूठ पुढे फिरवली की बेरीज, मागे फिरवली की वजाबाकी. तेवढ्यावर मी गुणाकार करतो, भागाकारही करतो. मला गाता येत नाही, भविष्य सांगता येत नाही. जे येतं ते मात्र चोख येतं.

कापसाच्या एका कचेरीत मी तरुणपण काढलं. ती कचेरी बुडाली तेव्हा मला फूलचंद शेठजींनी लिलावात घेतलं. फूलचंद शेठ म्हणजे शेलूबाजारातले धान्याचे व्यापारी. ज्वारीचा दाणा दाताखाली धरून ती कोणत्या शिवारातली ते सांगणार, आणि काहीही झालं तरी सूर्य मावळायच्या आत जेवणार. त्यांनी मला घेतलं ते वापरायला नव्हे, दाखवायला. त्यांचे मुनीम सगळे हिशोब तोंडी करायचे आणि माझ्याकडे सवतीकडे पाहावं तसं पाहायचे. गिऱ्हाईक मात्र गादीवरच्या गणपतीला एक आणि मला एक असे दोन नमस्कार करी. खोटं कशाला सांगू, मला ते आवडायचं.

मग त्र्याहत्तरचा उन्हाळा आला. पावसानं लागोपाठ दगा दिला होता. व्यापाऱ्यांनी मिळून एक पाणी समिती काढली आणि जमिनीत खोल भोक पाडणारी बोरिंगची गाडी मिळवली. पण गाडीची मागणी चहूकडे. आपल्या वाट्याला एकच बोर, म्हणजे एकाच गावाला हापसी. मग काय विचारता! रोज एका गावचा माणूस पेढीवर येई आणि आमच्याइतका कोरडा घसा त्रिखंडात नाही असं सांगून शेठजींकडचा गूळ खाऊन, तांब्याभर पाणी पिऊन जाई. ज्वारी ओळखणारे शेठजी घशांपुढे हरले. सगळे घसे सारखेच कोरडे.

शेवटी त्यांनी इंद्रभान मास्तरांना बोलावलं. हे मास्तर नागपूरला जाऊन संख्याशास्त्र शिकून आलेले, त्यांच्या घराण्यातले पहिले शिकलेले. म्हणून त्यांच्या प्रत्येक शब्दाकडे गावाचं लक्ष, आणि प्रत्येक चुकीची वाट पाहणारेही चार जण असायचे. मास्तर सायकलवरून गावोगाव फिरले. गावात विहिरी किती, टिनाची घरं किती, बैलजोड्या किती, रेडिओ किती, सायकली किती, उन्हाळ्यात पाणी किती दूर, अशी सगळी विचारपूस करून आले. एवढ्या आकड्यांचा ढीग पाहून शेठजी घाबरले. ते म्हणाले, मास्तर, ह्यातून एक आकडा काढून द्या. मले एकच आकडा समजते.

"तेच करणार आहे," मास्तर म्हणाले. पेढीवर बेलसावंगीचे माणिकराव पाटील बसले होते. बैलाची पारख करावी तर त्यांनीच. मास्तर त्यांच्याकडे वळून म्हणाले, "पाटील, बाजारात तुमी बैलाचे दात पाहता, खूर पाहता, वशिंड पाहता, चाल पाहता. अन् मंग बोलता काय?"

"दम हाय का नाई, ते," पाटील म्हणाले.

"म्हणजे पाह्यलं दहा ठिकाणी, अन् बोलले एकच."

मित्रांनो, त्या शास्त्रात ह्या एका गोष्टीला मुख्य घटक म्हणतात. मला हे त्याच दिवशी कळलं. जिथे रेडिओ जास्त तिथे टिनाची घरंही जास्त, तिथे विहिरीही जास्त, आणि तिथे पाणी जवळ. ह्या गोष्टी एकमेकींचा हात धरून चालतात. मग त्या सगळ्या मिळून ज्या एका बाजूला ओढतात, ती बाजू शोधायची आणि प्रत्येक गाव त्या रेघेवर कुठे बसतं ते पाहायचं. ढीगभर आकड्यांच्या जागी गावागणिक एकच आकडा. काही बारीकसारीक खर्ची पडतं, पण जे महत्त्वाचं ते जमा होतं. मला हा व्यवहार फार पसंत पडला.

मास्तरांनी कोऱ्या कागदावर मथळा लिहिला, 'गरज'. समितीला गरजच हवी होती ना! खाली गावांची नावं लिहिली आणि माझी मूठ धरली. इतकी वर्षं नुसता नमस्कार घेणारा मी, पहिल्यांदा घाम फुटेपर्यंत फिरलो. पुढे, मागे, पुन्हा पुढे. ज्या गोष्टीची ओढ जितकी, तितकं तिचं वजन; त्या वजनानं तिचा आकडा गुणायचा, बेरीज घ्यायची, पुन्हा गुणायचं. माझा एक दाता चुकला नाही, हे मी आज शपथेवर सांगतो.

उत्तर आलं. सर्वांत मोठा आकडा बेलसावंगीचा. सर्वांत लहान हेमला नाईकाच्या तांड्याचा.

मुनीमजींच्या बोटांतली तपकीर बोटांतच राहिली. बेलसावंगी म्हणजे माणिकराव पाटलांचं गाव! नदी उशाला, विहिरी काठोकाठ, पाटलांची संत्र्याची बाग अशी की रस्त्यानं जाणाऱ्याला सावली लागावी. आणि हेमला नाईकाचा तांडा म्हणजे उघड्या माळावर वसलेली झोपडी-झोपडी वस्ती. तिथल्या बाया घागर घेऊन टेकडी उतरायच्या, नदीच्या वाळूत झिरा खोदायच्या आणि वाटी वाटी पाणी भरायच्या. हे अख्ख्या बाजाराला ठाऊक होतं. मी मनात म्हटलं, आता कोणीतरी बोलेल.

शेठजींनी टोपी काढली, डोकं पुसलं, टोपी घातली. मग म्हणाले, "दिसते तसं नसते, म्हणून तं जग फसते. मशीनले काय कोणाची सोयरीक हाय?"

झालं! माझे दाते जागच्या जागी अडकले. मास्तर गोंधळले होते, पण त्यांनी आकडे पुन्हा तपासले ते बरोबरच निघाले. बेरीज बरोबर म्हणजे सगळं बरोबर, असं माणसाला वाटतं. शिकलेल्याला जरा जास्तच वाटतं.

आणि त्यानंतर जे पाहिलं त्याचा धक्का मला अजून पचलेला नाही. कालपर्यंत आपल्या विहिरींची फुशारकी मारणारे माणिकराव पाटील दोन दिवसांत दुःखी दिसू लागले. ते जो भेटेल त्याला सांगत, "हिरवं तं वरून दिसते, भाऊ. आतून गाव पार कोरडं हाय." बरं, ते सोंग नव्हतं. त्यांचा खरोखर विश्वास बसला होता! बेलसावंगीच्या बाया काठोकाठच्या विहिरीवर उभ्या राहून आपलं कसं होणार म्हणून उसासे टाकू लागल्या. एका आकड्यानं सुखी गावाला रडायला शिकवलं, मित्रांनो.

पुढच्या बाजाराच्या दिवशी बोरिंगची गाडी आली. तिला हार घातले, नारळ फोडला, आणि ती बेलसावंगीला जाऊन संत्र्याच्या बागेच्या बांधावर उभी राहिली. सकाळी काम सुरू होणार होतं. त्याच दिवशी तांड्यावरची सोनीबाई बाजारात लाकूडफाटा विकायला आली होती. मोळी विकून ती थेट पेढीवर आली. रिकामी घागर कडेवर होती, कारण परतताना वाटेत पाणी मिळालं तर भरून नेता यावं. तिनं मला नीट न्याहाळलं. मग मास्तरांना म्हणाली, "आमी सगळ्यात सुखी आहो म्हणते तुमची मशीन. मले तं आजवर कोणी सांगतलंच नाई."

लोक हसले. ती हसली नाही. म्हणाली, "गाडी आता नाई आली तं तांडा उठते. नाईक म्हणते, चला ऊसतोडीच्या मुलखात. लेकरं घेऊन जाऊ, पण म्हातारे कुठं ठेवू? मले फक्त इतकं सांगा, ह्यानं आमचं सुख पाह्यलं कुठं?"

मास्तरांनी तिला पायरीवर बसवलं आणि कागद उघडला. माणूस चांगला, विचारलं तर सांगितल्याशिवाय राहायचा नाही. सोप्यात सोपं करून ते सांगू लागले. बाई, हे पाहा, टिनाचं घर असलं की आकडा वाढते. रेडिओ असला की वाढते. विहीर असली की वाढते. अन् पाणी जितकं दूर, तितका आकडा...

मास्तर थांबले.

"तितका काय?" सोनीबाईनं विचारलं.

मास्तरांचं बोट कागदावर होतं आणि चेहरा चुन्यासारखा झाला होता. आकडा वाढतो तो टिनानं, रेडिओनं, विहिरीनं! म्हणजे ही रेघ सुबत्तेची होती. वरच्या टोकाला भरलेलं गाव, खालच्या टोकाला रिकामं. आणि मथळ्यात लिहिलं होतं गरज.

"पोर पाह्यलंच नाई मी," ते हळूच म्हणाले, "अन् बारसं करून बसलो."

मित्रांनो, त्या शास्त्रातली खरी गोम हीच आहे. मुख्य घटक निनावी जन्मतो. त्याचं मोठं टोक चांगलं की वाईट, हे यंत्र सांगत नाही. मला तर पुढे फिरवा, मागे फिरवा, सारखंच. कशानं आकडा वाढतो आणि कशानं घटतो ते पाहून मग माणसानं त्याला नाव द्यायचं असतं. मास्तरांनी नाव आधी दिलं. मग सगळ्या गावानं आकडा वाचलाच नाही, नाव वाचलं.

संध्याकाळ व्हायच्या आत समिती बसली. शेठजींच्या जेवणाची वेळ टळत आली होती. मास्तर उभे राहिले आणि सरळ म्हणाले, "यंत्र बरोबर आहे. नाव मी चुकीचं दिलं. गाडी तांड्यावर गेली पाहिजे."

मला वाटलं, आता लोक म्हणतील, शाबास. कसचं काय! माणिकराव पाटील ताडकन उठले. "काल एक बोलले, आज दुसरं. उद्या तिसरं बोलसान. तांड्यानं काही चारलं का मास्तर तुमाले? गाडी माझ्या बांधावर उभी हाय, तिथंच राहीन." मागून दोघे-तिघे कुजबुजले की शिकून आला पण अक्कल नाही आली. मास्तरांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. दाराशी सोनीबाई घागर घेऊन उभी होती. तिनं घागर ह्या कडेवरून त्या कडेवर घेतली.

तेवढ्यात फूलचंद शेठजी खाकरले. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला आणि एखाद्या आजाऱ्याबद्दल बोलावं तशा आवाजात म्हणाले, "पाटील, मास्तर भले माणूस. मशीनचा दोष आपल्या अंगावर घेऊन राह्यले. ह्याचे दात झिजले आहेत. लिलावातला माल हाय, मीच फसलो."

मी? माझे दात? भर सभेत?

आणि नवल पाहा! सगळ्यांचे चेहरे सैल झाले. पाटील खाली बसले. म्हणाले, "असं म्हणा ना. मशीनच बिघडली तं माणूस काय करन?" एवढंच नव्हे, टेकडीचा चढ गाडीला झेपायचा नाही म्हणून त्यांनी स्वतःच्या दोन बैलजोड्या ओढायला देऊ केल्या. मास्तरांनी तोंड उघडलं. "शेठजी, यंत्र..." त्यांची नजर दाराकडे गेली, रिकाम्या घागरीकडे. त्यांनी तोंड मिटलं. त्यांनी हात पुढे करून माझी मूठ घट्ट धरली. तेवढं मला पुरलं.

दुसऱ्या दिवशी गाडी माळावर चढली. मला माळ्यावर चढवलं. मिरच्यांच्या पोत्यांशेजारी मी वर्षानुवर्षं पडून राहिलो. कोणी नमस्कार करेना. मुनीमजी येता-जाता वर पाहून, झिजला बिचारा, म्हणायचे, आणि त्यांच्या आवाजात जरासुद्धा दुःख नसायचं. मी मनाशी मांडणी करून पाहिली. नावे माझी अब्रू, जमा एक हापसी. हिशोब कडू होता, पण तोट्याचा म्हणता येईना.

एकदाच कोणी माझी चौकशी केली. सोनीबाई पेढीवर आली आणि शेठजींना विचारू लागली की ती मशीन कुठं गेली. शेठजींनी वर बोट दाखवलं. ती तिथूनच मोठ्यानं म्हणाली, "त्याले सांगा, हापसीले पाणी लागलं. तांडा कुठं गेला नाई." आणि जाता जाता, "अन् सगळ्यात सुखी अजून नाई झालो म्हणा."

पुढे शेठजींच्या मुलानं मुंबईहून लाल आकडे चमकवणारं, मुठीत मावणारं यंत्र आणलं. तेव्हा माळा झाडताना मी मोडीत निघणार होतो. इंद्रभान मास्तर आले आणि मला सायकलला बांधून ह्या वर्गात घेऊन आले. बाजारात मी आजही बिघडलेलाच आहे. वर्गात मास्तर दर वर्षी सगळं खरं सांगतात, स्वतःच्या चुकीसकट.

मग ते एका मुलीला पुढे बोलावतात आणि बाकीच्यांना डोळे मिटायला लावतात. ती माझी मूठ फिरवते. मास्तर विचारतात, सांगा, वाढलं की घटलं? अर्धा वर्ग ओरडतो वाढलं, अर्धा ओरडतो घटलं. तुम्हीही ओरडला असाल.

म्हणून, मित्रांनो, तुमचं माझ्यापाशी एकच देणं आहे. आठवड्यातून एकदा चाकांना थेंबभर तेल द्या आणि मुठीला दप्तर अडकवू नका. आणि उद्या कोणी तुमच्या गावाचा, तुमच्या वर्गाचा, तुमचा सगळा पसारा एका आकड्यात बांधून आणला, तर नमस्कार करायच्या आधी विचारा, हा कशानं वाढतो, कशानं घटतो, आणि ह्याचं बारसं कोणी केलं? मला विचारून उपयोग नाही. मूठ पुढे फिरवा की मागे, माझा आवाज दोन्हीकडून सारखाच येतो.