डब्यावरचं नाव

मित्रांनो, मी एक जुना बिस्किटाचा डबा आहे आणि माझ्यात बिस्किटं नाहीत. हे आधीच सांगून टाकलेलं बरं. कारण आजवर ज्या ज्या पोराने मोठ्या आशेने माझं झाकण उघडलं, त्याचा उतरलेला चेहरा मला बघवलेला नाही. माझ्यात राख असते आणि राखेत वांग्याचं बी. बेचाळीस वर्षांपूर्वी एका दिवाळीत जेमतेम पंधरा दिवस माझ्यात बिस्किटं होती. तेवढ्यावर 'बिस्किटाचा डबा' हे नाव मला चिकटलं ते चिकटलंच. नाव चिकटवताना लोक डब्याला विचारत नाहीत.

माझा जन्म कुठल्याशा कारखान्यात झाला. तिथल्या खडखडाटाशिवाय मला काही आठवत नाही. माझ्या झाकणावर एक ऐटबाज घोडागाडी छापलेली होती. आज तिचं एक चाक आणि अर्धा घोडा शिल्लक आहे, पण तो अर्धा घोडा अजून धावतो आहे. मैनाबाईच्या पहिल्या दिवाळसणाला तिच्या भावाने मला तिच्या हातात दिलं आणि तिच्या मांडीवर बसून मी अकोटजवळच्या तिच्या सासरी आलो.

सासर माळ्याचं. तीन एकर काळी जमीन, एक विहीर आणि बारा महिने भाजीपाला. नवरा वामनराव, उंचापुरा आणि बोलघेवडा. मैनाबाई त्या मानाने मुकाट, पण हाताला उसंत नसलेली. दुसऱ्याच वर्षी मळ्यातल्या वांग्यांवर रोग पडला. वाफेच्या वाफे माना टाकून बसले. त्यात एकच झाड हिरवंगार उभं होतं. मैनाबाईने जुन्या साडीची एक चिंधी फाडली, त्या झाडाच्या फांदीला बांधली आणि घरात बजावलं, "चिंधीच्या झाडाले कोणी हात लावाचा नाही."

घरात ती पहिल्यांदाच एवढ्या जोरात बोलली असेल. सगळ्यांनी ऐकलं. त्या झाडावरची वांगी पिवळी पडेपर्यंत तिने राखली, मग कापून बी धुतलं, सावलीत वाळवलं, चुलीच्या राखेत मिसळलं आणि माझ्यात भरलं. त्या दिवशी माझी खरी नोकरी सुरू झाली. तेव्हापासून दर वर्षी मळ्यात चिंधी बांधली जाते आणि, मधली काही वर्षं सोडली तर, दर वर्षी माझं पोट भरतं.

त्या बियांची वांगी काय वर्णावी! जांभळ्या अंगावर पांढऱ्या रेघा, देठाला काटे आणि शिजली की फोडीला चमचासुद्धा लावावा लागत नाही. पंचक्रोशीत कुठेही रोडगे आणि वांग्याच्या भाजीची पंगत असली की लोक आधी विचारायचे, वांगी कोणाची? वामनराव सकाळच्या एसटीने टोपली अकोल्याला न्यायचे. जठारपेठेत नत्थुजींचं भाजीचं दुकान आहे. टोपली उतरली रे उतरली की नत्थुजी हाळी द्यायचे, "वामनरावचे वांगे आले हो!"

झालं. वांग्याचं नाव पडलं.

आता यात अडचण अशी की मैनाबाई नवऱ्याचं नाव घेत नाही. तिच्या पिढीतल्या कितीतरी बाया घेत नाहीत. पण ही जरा जास्तच कडक. वामन द्वादशीला ती 'बुटक्या देवाची बारस' म्हणते. मग वांग्याचं नाव कसं घेणार? शेजारीण बी मागायला आली की ही म्हणायची, "घरचं पाहिजे काय?" आणि शेजारणी मुद्दाम विचारायच्या, "घरचं म्हणजे कोणतं वं?" ही लाजून माझ्या झाकणाशी चाळा करत बसायची आणि त्या हसून हसून बेजार. म्हणजे ज्या वांग्याला तिने वाढवलं, त्याचं नाव अख्खा अकोला घेत होता आणि तीच एकटी घेत नव्हती. वामनरावही काही कमी नव्हते. ते तिला 'अंकुरची माय' म्हणायचे. अंकुर त्यांचा मुलगा. तो जन्मायच्या आधी नुसतं 'अवं' म्हणायचे. मैना हे नाव माझ्या ऐकण्यात शेवटचं आलं होतं ते तिच्या भावाच्या तोंडून, त्या दिवाळीत.

मधे काही वर्षं माझे वाईट दिवस आले. अंकुरने चकचकीत पाकिटातलं बी आणलं, जास्त वांगी लागली आणि मला माळ्यावर टाकलं. माझ्यात खिळे ठेवले, मित्रांनो! गंजके खिळे! मी फार खट्टू झालो होतो. पण मैनाबाईने विहिरीच्या काठी चार झाडं गुपचूप जगवली होती. मग एकदा पंगतीत नव्या वांग्यांची भाजी वाढली तेव्हा लोकांनी पानं तशीच ठेवली. दुसऱ्या दिवशी अंकुर स्वतः माळ्यावर चढला, खिळे ओतून टाकले आणि मला आईच्या पुढ्यात ठेवून मान खाजवत उभा राहिला. तिने त्याला एक शब्द बोलून दाखवला नाही. नुसती राख चाळायला घेतली.

आता प्रणालीबद्दल सांगतो. ही अंकुरची मुलगी, अमरावतीला कॉलेजात इंग्रजी शिकते. या हिवाळ्यात सुट्टीला घरी आली ती दोन गोष्टी घेऊन. एक म्हणजे अकोल्याच्या बियाणे महोत्सवाची बातमी. तिथे गावोगावच्या जुन्या बियांची नावानिशी नोंद होणार होती, आणि नोंद झालेलं बी त्याच नावाने पाकिटांत भरून इतर शेतकऱ्यांना मिळणार होतं. "एकदा वहीत नाव गेलं की ते कायमचं, आबाजी," ती आजोबांना म्हणाली. तिने लगेच कागदावर ठळक अक्षरांत 'वामनराव वांगे' लिहिलं आणि माझ्या पोटावर चिकटवलं.

दुसरी गोष्ट म्हणजे एक इंग्रजी शब्द.

"आबाजी, तुमच्यासाठी इंग्रजीत एक शब्द हाय. इपॉनिमस. ज्याच्या नावावरून एखाद्या वस्तूले, गावाले, पुस्तकाले नाव पडते, त्याले तो शब्द लावतात. कादंबरीचं नाव तिच्या नायिकेचं असलं तर ती इपॉनिमस नायिका. तसे तुमी या वांग्याचे. पण बोलण्यात कोणी वापरत नाही हां, लिहिण्यातच येते, तेबी कधीमधी."

बोलण्यात वापरत नाहीत, हे वामनरावांनी ऐकलंच नसावं. आठवडाभर त्यांनी तो शब्द चहाच्या टपरीवर वापरला, एसटीत वापरला, कंडक्टरवर वापरला. नत्थुजींना ते छाती काढून म्हणाले, "मी इपॉनिमस आहो."

नत्थुजी घाबरून म्हणाले, "काहून? दवाखान्यात दाखवलं काय?"

घरी येऊन त्यांनी हे सांगितलं तेव्हा सगळे पोट धरून हसले. मीही हसलो असतो, पण माझ्यात बी होतं. मैनाबाई राख चाळत होती. हसू ओसरल्यावर तिने सहज विचारलं, "अन् बी राखणाऱ्याले काय म्हणतात वं इंग्रजीत?"

प्रणालीने विचार केला. मोबाइलही पाहिला. "त्याले शब्द दिसत नाही, आजी. ज्याचं नाव लागलं त्यालेच हा शब्द लागते. काम कोणी केलं, ते नाही पाहत."

"असू दे," मैनाबाई म्हणाली आणि हसून माझं झाकण लावलं. वामनरावांची चहाची बशी मात्र ओठांपर्यंत जाऊन तिथेच थांबली होती. ते मी पाहिलं. डब्याला दुसरं काम काय असतं?

महोत्सवाच्या दिवशी सकाळी एक घोटाळा झाला. आपला डबा चारचौघांत जायचा म्हणून मैनाबाईने बी पदरात काढून घेतलं आणि मला राख आणि चिंच लावून असं घासलं की मी चकाकलो. माझ्या पोटावरचा कागदही निघून गेला. घोड्याची शेपटीही गेली, पण ते असो. बी परत भरून आम्ही एसटीत बसलो. कागद गेल्याचं कोणाच्याच लक्षात आलं नाही.

अकोल्यात मोठा मांडव होता. नोंदणीच्या टेबलावर गीतांजली मॅडम बसल्या होत्या, चष्म्याच्या आणि हसऱ्या. आमची पाळी येईपर्यंत पावणेपाच झाले आणि नोंद पाचला बंद होणार होती. नेमकी प्रणाली आधार कार्डाची झेरॉक्स काढायला गेलेली आणि वामनराव मांडवाच्या दाराशी टोपली मांडून लोकांना वांगी दाखवण्यात दंग. टेबलापुढे मैनाबाई आणि मी, दोघंच.

"बी कोणी राखलं?" मॅडमनी विचारलं.

"म्या."

"नाव?"

"लिवा ना... अंकुरची माय."

"माय, तुमचं नाव."

मैनाबाईने इकडेतिकडे पाहिलं आणि हळूच सांगितलं. मॅडमनी लिहिलं. "आता वाणाचं नाव सांगा."

मैनाबाईने माझ्या झाकणाशी चाळा केला. मग म्हणाली, "घरचं."

"घरचं तर इथं सगळ्यांचंच आहे."

"बुटक्या देवाचं नाव हाय त्याले."

"झाड बुटकं असतं का?"

"नाही बाप्पा, कंबरेइतकं होते!"

मागची रांग चुळबुळ करू लागली. मॅडम वाईट नव्हत्या, घाईत होत्या. "माय, नाव नसलं तर मी 'निनावी' लिहिते. पण खरं सांगू का, निनावी पाकीट पुढच्या वर्षी कोणी मागत नाही. काय म्हणून मागणार?"

चाळीस वर्षं चिंध्या बांधून राखलेलं बी, आणि निनावी? मैनाबाईचे ओठ हलले, 'वा'पर्यंत गेले आणि मिटले. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. "यायले बलावते," ती म्हणाली आणि दाराकडे पाहून हात हलवू लागली.

वामनराव धावत आले. मॅडमनी त्यांना विचारलं, "काका, बी कोणत्या झाडाचं धरता?"

"चांगल्या झाडाचं."

"चांगलं कसं ओळखता?"

वामनराव बायकोकडे पाहू लागले. आणि नावापाशी अडलेली मैनाबाई घडाघडा बोलू लागली, "पयल्या तोड्याचं फळ धराचं नाही, शेवटच्याचंबी नाही. मधल्या तोड्याचं धराचं. ज्या झाडाले अळी लागली नाही, त्याले चिंधी बांधाची. पिवळं झाल्याबिगर तोडाचं नाही. बी धुतलं का पाण्यात तरंगते ते फेकाचं, बुडते ते ठेवाचं. उन्हात वाळवाचं नाही. सावलीतच."

रांगेतली चुळबुळ थांबली. मागची माणसं पुढे झुकून ऐकत होती. एकाने तर वही काढली. मॅडमनी सगळं लिहून घेतलं आणि लेखणी पुन्हा त्या कोऱ्या ओळीवर आली. "आता नाव तेवढं सांगा, काका. पाचच मिनिटं आहेत."

मैनाबाई निश्चिंत होऊन मान खाली घालून उभी राहिली. वामनराव काय सांगणार, हे मला ठाऊक होतं. जठारपेठेत इतकी वर्षं जे नाव गाजलं तेच. आठवडाभर ज्याच्या जोरावर छाती काढून फिरले तेच. त्यांनी टोपी काढली, पुन्हा घातली. टेबलावरचा कागद वाकून वाचला. वरच्या ओळीत मैनाबाईचं नाव होतं आणि खालची ओळ रिकामी.

"लिवा, मॅडम," ते म्हणाले. "मैना."

मैनाबाईने दचकून माझ्यावरच हात आपटला. माझ्या झाकणावरचा हा खड्डा त्याच दिवसाचा. "काय बोलून राहिले हे! बजारात लोक कोणत्या नावानं मागतात?"

"मागतीन आता या नावानं. म्या फक्त टोपली नेली. बी तूच राखलं ना, मैना?"

चारचौघांत, दोनदा! ती पदर तोंडाशी धरून हसत होती आणि डोळेही पुसत होती. रांगेतल्या बायांनी टाळ्या वाजवल्या. झेरॉक्स घेऊन आलेल्या प्रणालीला आधी काही कळेना. कळलं तेव्हा तिने आजीला मिठी मारली. "आजी, आता तू इपॉनिमस!"

"राहू दे बाई," मैनाबाई म्हणाली. "मले आपली मैनाच बरी."

मित्रांनो, आता नत्थुजी जठारपेठेत नव्या नावाने हाळी देतात. पहिले दोन दिवस चुकले, वामनरावांनी दटावलं, मग जमलं. माझ्या पोटावर आता कागद नाही. अंकुरने ऑइलपेंटने नाव रंगवलं आहे, घासलं तरी न जाणारं. मला लोक अजून बिस्किटाचाच डबा म्हणतात. माझी हरकत नाही. तुमच्याही घरात माझ्यासारखा एखादा डबा असेल. त्यातलं कोणी राखलं, ते एकदा विचारा आणि त्या माणसाला त्याच्या नावाने हाक मारा. आणि हो, उघडलात तर झाकण घट्ट लावा. ओल लागली की बी मरतं.

परवा तेल्हाऱ्याकडची एक नवी सून बी मागायला आली. पायरीवर बसली आणि म्हणाली, "आजी, ते तुमचं वांग्याचं बी पाहिजे होतं. नाव काय त्याचं?"

मैनाबाईने मला मांडीवर घेतलं, झाकण उघडलं आणि आतल्या खोलीतल्या वामनरावांनाही ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं, "मैना."